कृष्णाकाठच्या बँका आणि ‘आपली’ म्हणण्याची किंमत

२ सप्टेंबर २००६, शनिवार. गणेशोत्सवाचे दिवस होते. त्या एकाच दिवशी दक्षिण महाराष्ट्रातील दोन जुन्या बँकांच्या इतिहासाला कलाटणी मिळाली. कोल्हापूर जिल्ह्यातील कुरुंदवाड येथे १९२० साली स्थापन झालेली गणेश बँक ऑफ कुरुंदवाड त्या दिवसापासून केरळच्या फेडरल बँकेत विलीन झाली. त्याच दिवशी कामकाज संपताना साताऱ्याच्या युनायटेड वेस्टर्न बँकेच्या व्यवहारांवर स्थगिती आली आणि ठेवीदाराला दहा हजार रुपयांहून अधिक रक्कम काढण्यास मनाई झाली. महिनाभरात, ३ ऑक्टोबर रोजी, युनायटेड वेस्टर्न बँक आयडीबीआयमध्ये विलीन झाली. पुढे १९ एप्रिल २००७ रोजी सांगली बँकेच्या शाखांवर आयसीआयसीआय बँकेच्या पाट्या लागल्या. सत्तर ते नव्वद वर्षे उभ्या असलेल्या तीन बँका अवघ्या साडेसात महिन्यांत इतिहासजमा झाल्या.

या घटनांना आता दोन दशके होत आली आहेत. त्या वेळी ‘मराठी माणसाची बँक गेली’ अशी हळहळ व्यक्त झाली आणि ती खरीही होती. पण हळहळीच्या भरात एक प्रश्न मागे पडला. या बँकांकडे ठेवी होत्या, शाखा होत्या, पिढ्यान्‌पिढ्यांचे ग्राहक होते. मग कमी काय पडले? या प्रश्नाचे उत्तर शोधण्याचे निमित्त पुन्हा आले आहे. याच पट्ट्यातील चौथी आणि आज हयात असलेली एकमेव खासगी बँक म्हणजे कोल्हापूरची रत्नाकर बँक, आताची आरबीएल बँक. तिचा साठ टक्के हिस्सा सुमारे २६,८५० कोटी रुपयांना घेण्याचा करार दुबईच्या एमिरेट्‌स एनबीडी बँकेने ऑक्टोबर २०२५ मध्ये जाहीर केला. तीन बँका बुडता बुडता विकल्या गेल्या, चौथीला परदेशी ग्राहक मिळाला. या दोन टोकांमधील अंतर समजून घेतले, तर प्रादेशिक बँक म्हणजे काय आणि ती टिकते कशी, याचा उलगडा होतो.

संस्थानी गावे, स्वदेशी भांडवल

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात सातारा हे जिल्ह्याचे गाव होते, तर सांगली, कुरुंदवाड आणि कोल्हापूर ही संस्थाने होती. पेठा मोठ्या होत्या. पण त्यांना लागणारा पैसा सावकारी पेढ्यांतून येई. सांगलीची हळदीची बाजारपेठ हे त्याचे उत्तम उदाहरण. हरिपूरच्या परिसरातील जमिनीखालच्या पेवांत हळद साठवायची आणि भाव येईल तेव्हा विकायची, हा तेथील व्यापाराचा जुना रिवाज. माल पेवात असेपर्यंत व्यापाऱ्याचा पैसा अडकलेला असे. अशा साठ्याच्या तारणावर कर्ज देण्यासाठी माल ओळखणारा आणि माणूस ओळखणारा सावकार लागतो. मुंबईतील मोठ्या बँकांना त्यात रस नव्हता. ही पोकळी भरून काढण्यासाठी १९१६ मध्ये सांगली बँक आणि १९२० मध्ये गणेश बँक उभी राहिली. कोल्हापूर-सांगलीच्या व्यापारी वर्गाने १९४३ मध्ये रत्नाकर बँक स्थापन केली.

साताऱ्याची कथा थोडी वेगळी. तेथील विष्णु गणेश तथा अण्णासाहेब चिरमुले यांनी १९१३ मध्येच वेस्टर्न इंडिया लाइफ इन्शुरन्स कंपनी ही आयुर्विमा कंपनी काढली होती. मुंबई-कलकत्त्याबाहेरच्या एका लहान गावातून विम्याचा धंदा करायचा, ही त्या काळी धाडसाची गोष्ट होती. १९३६ मध्ये त्यांच्याच पुढाकाराने युनायटेड वेस्टर्न बँक स्थापन झाली. १९५१ मध्ये तिला अनुसूचित बँकेचा दर्जा मिळाला आणि १९५६ मध्ये सातारा स्वदेशी कमर्शियल बँक तिच्यात विलीन झाली. लहान गावातील बचत एकत्र करून ती त्याच परिसराच्या कामी लावायची, हा या साऱ्या संस्थांमागचा विचार. ‘स्वदेशी’ हा शब्द तेव्हा केवळ कापडापुरता नव्हता. पैशावरील निर्णय आपल्या गावात व्हावा, हा त्याचा आर्थिक अर्थ होता.

दुसऱ्या महायुद्धानंतरचा काळ लहान बँकांना कठीण गेला. १९६० मध्ये केरळमधील पलाई सेंट्रल बँक बुडाली आणि त्या धक्क्यातून दोन महत्त्वाच्या गोष्टी घडल्या. कमकुवत बँकेवर स्थगिती आणून तिचे दुसऱ्या बँकेत सक्तीने विलीनीकरण करण्याचा मार्ग बँकिंग कायद्याच्या कलम ४५ मधील दुरुस्तीने त्याच वर्षी खुला झाला आणि १९६२ पासून ठेवींना विम्याचे संरक्षण मिळाले. १९५१ मध्ये देशात साडेपाचशेहून अधिक बँका होत्या. त्या दशकाअखेरीपासून सुरू झालेल्या गाळणीने १९६९ पर्यंत त्यांची संख्या शंभराच्या आत आणली. कृष्णाकाठच्या बँका या गाळणीतून तरल्या, ही त्यांच्या तत्कालीन संचालकांच्या सावधपणाची पावतीच म्हणावी लागेल.

लहान राहिल्याने वाचल्या, लहान राहिल्यानेच अडकल्या

१९ जुलै १९६९ रोजी पन्नास कोटींहून अधिक ठेवी असलेल्या चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले. पुण्यात १९३५ मध्ये स्थापन झालेली बँक ऑफ महाराष्ट्र त्यांत होती. १९८० मध्ये आणखी सहा बँका सरकारकडे गेल्या; त्या वेळी मर्यादा दोनशे कोटींची होती. सातारा, सांगली, कुरुंदवाड आणि कोल्हापूरच्या बँका या दोन्ही मर्यादांच्या आत असल्याने खासगीच राहिल्या. त्यांचे स्वातंत्र्य त्यांच्या लहानपणाने वाचवले.

परंतु या स्वातंत्र्याला एक अदृश्य कुंपण होते. व्याजदर वरून ठरत, शाखा काढण्यास परवाना लागे, नव्या खासगी बँकांना प्रवेश बंद होता. अशा वातावरणात बँक चालवण्यास मोठ्या भांडवलाची गरज भासत नव्हती. ठेवी येत, त्यांतील बराच भाग सरकारी रोख्यांत जाई आणि उरलेल्या पैशातून परिचयातील व्यापाऱ्यांना, कारखानदारांना, शेतकऱ्यांना कर्जे दिली जात. भागधारकाला लाभांश मिळाला आणि ठेवीदाराचा विश्वास अढळ राहिला, की संचालक मंडळ कृतार्थ. या दीर्घ, सुरक्षित काळात एक सवय जडली. बँकेचे खरे बळ ठेवी हेच, असे सर्वांना वाटू लागले. वास्तविक ठेव हे बँकेवरचे कर्ज असते. तोटा सोसण्यासाठी जे उपयोगी पडते, ते भागधारकांचे भांडवल. हा फरक जोवर परीक्षा होत नाही, तोवर कोणाच्या ध्यानात येत नाही.

परीक्षेची पहिली घंटा कराडमध्ये वाजली. कृष्णा-कोयनेच्या संगमावरील या गावाच्या नावाची बँक ऑफ कराड ही लहान खासगी बँक १९९२ च्या रोखे घोटाळ्यात सापडली. मुंबईतील रोखेबाजारात ‘बँक रिसीट’ नावाची पावती चालत असे. ‘आमच्याकडे अमुक रकमेचे रोखे आहेत, ते पुढे देऊ’ अशी ती एका बँकेने दुसऱ्या बँकेला दिलेली हमी. बँक ऑफ कराडने हाती रोखे नसताना अशा पावत्या दिल्या आणि त्यांच्या आधारे उभा राहिलेला पैसा दलालांच्या हाती गेला. घोटाळा उघडकीस येताच बँक दिवाळखोरीत निघाली आणि १९९४ मध्ये बँक ऑफ इंडियाकडे गेली. कराडच्या शेतकऱ्याने वा व्यापाऱ्याने कर्ज बुडवले म्हणून ही बँक गेली नाही. गावाचे नाव धारण करणाऱ्या संस्थेचे निर्णय गावाच्या नजरेआड होऊ लागले, म्हणून ती गेली. उरलेल्या चार बँकांनी आणि त्यांच्या भागधारकांनी या इशाऱ्यातून काही शिकायला हवे होते.

नवे नियम, जुना ताळेबंद

नरसिंहम समितीच्या १९९१ च्या अहवालानंतर बँकिंगचे नियम मुळापासून बदलले. थकलेल्या कर्जावरील न आलेले व्याज उत्पन्न म्हणून दाखवणे बंद झाले, बुडीत कर्जांसाठी तरतूद सक्तीची झाली आणि जोखमीच्या प्रमाणात भांडवल राखण्याचे बंधन आले. हे प्रमाण आधी आठ आणि मार्च २००० पासून नऊ टक्के ठरले. त्याच सुमारास आयसीआयसीआय, एचडीएफसी यांसारख्या नव्या खासगी बँका मोठे भांडवल आणि संगणकीकृत शाखा घेऊन मैदानात उतरल्या. पुण्या-मुंबईला नोकरीसाठी गेलेल्या मुलाचे पगाराचे खाते नव्या बँकेत आणि वडिलांची मुदत ठेव जुन्या बँकेत, असे चित्र घरोघरी दिसू लागले.

जुन्या बँकांना काही काळ रोख्यांनी तारले. सरकारी रोख्यांवरील परताव्याचे दर दोन आकड्यांवरून उतरत २००३ मध्ये पाच टक्क्यांच्या आसपास आले. दर उतरले की जुन्या रोख्यांच्या किमती वाढतात. त्यामुळे रोखे विकून नफा दाखवणे सोपे झाले. २००४ पासून दर पुन्हा चढू लागले आणि हा झरा आटला. कर्जव्यवहारातील दुखणी आता उघडी पडली.

सांगली बँकेचे मार्च २००६ चे आकडे या संदर्भात बोलके आहेत. सुमारे दोन हजार कोटींच्या ठेवी आणि कर्जे नऊशे कोटींच्याही आत. शंभर रुपयांच्या ठेवीतून पंचेचाळीस रुपयेही कर्जरूपाने बाहेर जात नव्हते. वैधानिक बंधने पाळूनही त्या काळी सत्तर रुपयांपर्यंत कर्ज देणे शक्य होते. म्हणजे जी बँक परिसराच्या पतपुरवठ्यासाठी जन्माला आली, ती अखेरीस परिसराची बचत गोळा करून मोठ्या प्रमाणावर सरकारी रोख्यांत गुंतवणारी संस्था बनली होती. याला कारण पुन्हा भांडवलच. भांडवल अपुरे असले की नवे कर्ज देण्याची ऐपत आटते, कर्ज दिले नाही की उत्पन्न घटते आणि उत्पन्न घटले की भांडवल आणखी आक्रसते. या चक्रातून बाहेर पडण्याचा एकच मार्ग असतो, तो म्हणजे नवे भांडवल.

त्या मार्गावर २००५ मध्ये आणखी एक अट आली. खासगी बँकेची निव्वळ मालमत्ता किमान तीनशे कोटी रुपये असावी आणि एकाच व्यक्तीच्या वा गटाच्या हाती दहा टक्क्यांहून अधिक हिस्सा सहसा नसावा, असे धोरण रिझर्व्ह बँकेने जाहीर केले. हेतू रास्त होता; बँक ही एखाद्या घराण्याची वा उद्योगसमूहाची जहागीर होऊ नये. परंतु लहान बँकेपुढे पेच उभा राहिला. भांडवल तर हवे, पण ते एकाच श्रीमंताकडून घेता येणार नाही. म्हणजे ते अनेकांकडून, छोट्या छोट्या हिश्श्यांनी उभे करावे लागणार. त्यासाठी लागतो परिसराचा व्यापक सहभाग.

जिल्ह्यात पैसा नव्हता काय?

सातारा, सांगली आणि कोल्हापूर या तीन जिल्ह्यांत भांडवल नव्हते, असे म्हणता येणार नाही. शेतकऱ्यांच्या शेकडा-हजारांच्या भागांतून येथे सहकारी साखर कारखाने उभे राहिले. त्यांच्या पाठोपाठ दूध संघ, सूतगिरण्या, शिक्षणसंस्था आल्या. सभासद होऊन भांडवल देण्याची सवय या मातीत आहे. मात्र ती सहकाराकडे वळली. गावात मान, सत्ता आणि मताधिकार सहकारात मिळत होता. खासगी बँकेचा भाग हा काही कुटुंबांचा कौटुंबिक ठेवा समजला गेला. ठेवीदार लाखोंनी, पण कारभारावर नजर ठेवणारे आणि अडचणीत आणखी पैसा घालण्यास तयार असणारे भागधारक तुरळक. लोकांच्या दृष्टीने ती ‘आपली’ बँक होती. मालकीच्या दृष्टीने मात्र नव्हती.

युनायटेड वेस्टर्नच्या बाबतीत ही विसंगती ठळकपणे दिसली. भांडवल उभारणीचे प्रयत्न फळाला आले नाहीत आणि भांडवलाचे प्रमाण ठरलेल्या पातळीच्या खूप खाली गेले. स्थगिती आल्यावर मात्र सारे जागे झाले. बँकेचे मराठी स्वरूप टिकावे म्हणून राज्य सरकारने सिकॉमच्या पुढाकाराने भांडवल घालण्याचा प्रस्ताव पुढे केला. अनेक बँकांनीही तिच्यात रस दाखवला. रिझर्व्ह बँकेने निवड आयडीबीआयची केली. जी तत्परता स्थगितीनंतर दिसली, ती दोन वर्षे आधी दिसली असती तर निकाल कदाचित वेगळा लागला असता. पण स्थगितीनंतरचा काळ हा ठेवीदारांचा असतो. नियामकाला तेव्हा तातडीने आणि खात्रीने पैसे भरणारा धनी हवा असतो. चर्चेला वेळ उरत नाही.

गणेश बँकेने न्यायालयाची पायरी चढून पाहिली. जानेवारी २००६ मध्ये तिच्यावर स्थगिती आली आणि अवघ्या दोन दिवसांत फेडरल बँकेत विलीनीकरणाची योजना जाहीर झाली. बँकेने या निर्णयाला आव्हान दिले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि २८ ऑगस्ट २००६ रोजी विलीनीकरणावर शिक्कामोर्तब झाले. सांगली बँकेने या दोघींचे हाल पाहून शहाणपणाचा मार्ग पत्करला. दार बंद होण्याआधीच तिने आयसीआयसीआयशी स्वेच्छेने बोलणी केली. कर्मचारी संघटनांचा विरोध झाला; तरी सांगली बँकेच्या ९२५ भागांमागे आयसीआयसीआयचे १०० भाग, या हिशेबाने सौदा पार पडला.

खरेदीदारांनी काय विकत घेतले, हेही पाहण्यासारखे आहे. आयडीबीआयने युनायटेड वेस्टर्नच्या भागधारकांना प्रत्येक भागामागे २८ रुपये, म्हणजे एकूण सुमारे दीडशे कोटी रुपये दिले. बँकेच्या शाखा सुमारे २३०. भागधारकांना मिळालेल्या रकमेचा हिशेब मांडला, तर एका शाखेची किंमत सुमारे ६५ लाख रुपये होते. त्या काळी नवी शाखा काढण्यास रिझर्व्ह बँकेची परवानगी लागे. साहजिकच तयार शाखा असलेली आजारी बँक ही मोठ्या बँकांच्या दृष्टीने बाजारपेठेत शिरण्याची जवळची वाट होती. पैसे मोजले गेले ते शाखांच्या जाळ्याचे. कोणता व्यापारी शब्दाचा पक्का, कोणाचा माल कोणत्या महिन्यात निघतो, हे ठाऊक असलेल्या जुन्या शाखाधिकाऱ्याच्या अनुभवाला त्या हिशेबात रकाना नव्हता.

काय वाचले आणि काय गेले

येथे भावनेपेक्षा वस्तुस्थितीला महत्त्व द्यायला हवे. या तिन्ही विलीनीकरणांत ठेवीदारांची पै न पै सुरक्षित राहिली. नंतरच्या काळातील काही सहकारी बँकांच्या ठेवीदारांचे अनुभव आठवले, की या गोष्टीचे मोल कळते. पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेवर सप्टेंबर २०१९ मध्ये निर्बंध आले. ती जानेवारी २०२२ मध्ये युनिटी स्मॉल फायनान्स बँकेत विलीन झाली आणि पाच लाखांवरील रकमेसाठी ठेवीदारांना दहा वर्षांपर्यंतच्या हप्त्यांची वाट पाहणे भाग पडले. पुण्याच्या रुपी बँकेचे ठेवीदार वर्षानुवर्षे ताटकळले आणि अखेरीस २०२२ मध्ये तिचा परवानाच रद्द झाला. त्या तुलनेत सातारकरांची सुटका एका महिन्यात झाली. रिझर्व्ह बँकेच्या कठोरपणाला नावे ठेवताना हे विसरून चालणार नाही.

मग गेले काय? गेला तो निर्णयाचा पत्ता. पूर्वी सांगलीच्या कर्जप्रकरणावर शेवटची सही सांगलीत होत असे. आता अर्जाचा प्रवास मुंबईपर्यंत होऊ लागला. पगारपत्रक आणि विवरणपत्र असलेल्या ग्राहकाला त्याचा फायदाच झाला. त्याला गृहकर्ज, वाहनकर्ज पूर्वीपेक्षा लवकर आणि स्वस्तात मिळू लागले. ज्याची पत कागदावर दिसत नाही, पण पेठेत सर्वांना ठाऊक आहे, अशा छोट्या व्यावसायिकाची मात्र अडचण झाली. त्याच्यासमोर सहकारी बँक, पतसंस्था किंवा पुन्हा खासगी सावकार, एवढेच पर्याय उरले. पतसंस्थांच्या ठेवींना तर विम्याचेही संरक्षण नसते. जी पोकळी भरण्यासाठी शंभर वर्षांपूर्वी या बँका जन्मल्या, ती काही अंशी पुन्हा निर्माण झाली.

प्रादेशिक बँकांचे युगच संपले होते, असेही म्हणता येत नाही. सांगली बँकेच्याच जन्मसाली, १९१६ मध्ये, तमिळनाडूतील करूर या तशाच व्यापारी गावात करूर वैश्य बँक स्थापन झाली. ती आजही स्वतंत्र आहे आणि तिचे मुख्यालय करूरमध्येच आहे. मंगळूरची कर्नाटक बँक १९२४ ची. तीही टिकून आहे. कुरुंदवाडची बँक ज्या फेडरल बँकेत गेली, तिचा जन्मही १९३१ मध्ये त्रावणकोर संस्थानातील एका लहान गावातच झाला होता. उलट त्याच करूरमध्ये १९२६ साली निघालेली लक्ष्मी विलास बँक मात्र नोव्हेंबर २०२० मध्ये स्थगितीत सापडली आणि दहा दिवसांत सिंगापूरच्या डीबीएस बँकेच्या भारतीय उपकंपनीत विलीन झाली. तिच्या भागधारकांच्या हाती एक रुपयाही लागला नाही. गाव एक, काळ एक, व्यापारी परंपरा एक. पण एक बँक तरली, दुसरी बुडाली. प्रदेशाचे नशीब वगैरे काही नसते. फरक पडतो तो वेळेवर आलेल्या भांडवलाने आणि जागरूक कारभाराने.

चौथ्या बँकेचा मार्ग

रत्नाकर बँकेची वाटचाल या पार्श्वभूमीवर पाहावी लागते. २००६-०७ च्या पडझडीतून ती वाचली. पण तिच्यापुढचा प्रश्न तोच होता. २०१० मध्ये विश्ववीर आहुजा यांच्या नेतृत्वाखाली नवे व्यवस्थापन आले, देशी-परदेशी गुंतवणूकदारांनी भांडवल घातले, सूत्रे मुंबईतून हलू लागली. २०१४ मध्ये नाव आरबीएल झाले आणि २०१६ मध्ये तिचे भाग शेअर बाजारात सूचीबद्ध झाले. क्रेडिट कार्ड हा तिचा मोठा व्यवसाय बनला. मध्यंतरी तिलाही ठेच लागली. डिसेंबर २०२१ मध्ये रिझर्व्ह बँकेने तिच्या मंडळावर आपला प्रतिनिधी नेमला आणि आहुजा रजेवर गेले. पुढच्या वर्षी नेतृत्व बदलून बँक सावरली. त्यानंतर आला तो २०२५ चा करार.

कोल्हापूरच्या अडत व्यापाऱ्यांसाठी निघालेल्या बँकेच्या साठ टक्के हिश्श्याला २६,८५० कोटींची किंमत यावी, याचा अभिमान कोणालाही वाटेल. मात्र ही किंमत कोल्हापूरच्या पेठेची नाही. बँकेने प्रादेशिक स्वरूप मागे टाकून जे देशव्यापी रूप धारण केले, त्याची ती आहे. नोंदणीकृत कार्यालय कोल्हापुरात राहिले. बाकी सारे बदलले. एका अर्थाने चारही बँकांचा शेवट सारखाच झाला. तिघी भांडवल न मिळाल्याने परक्यांच्या झाल्या. चौथीला भांडवल मिळाले आणि त्या भांडवलानेच तिला दूर नेले.

साताऱ्याच्या कथेला तर नियतीने विलक्षण वळण दिले. चिरमुले यांची आयुर्विमा कंपनी १९५६ च्या राष्ट्रीयीकरणात आयुर्विमा महामंडळात सामील झाली. त्यांची बँक २००६ मध्ये आयडीबीआयमध्ये गेली. जानेवारी २०१९ मध्ये महामंडळाने आयडीबीआय बँकेचा ५१ टक्के हिस्सा घेतला आणि एका माणसाने साताऱ्यात काढलेल्या दोन संस्थांचे वारस त्रेसष्ट वर्षांनी एका छपराखाली आले. पुढे २०२२ मध्ये केंद्र सरकारने आयडीबीआय बँकेतील सरकारी व महामंडळाचा मोठा हिस्सा खासगी गुंतवणूकदाराला विकण्याची प्रक्रिया सुरू केली. या साऱ्या घडामोडींत सातारकरांचे मत कोणी विचारले नाही. विचारण्याचे कारणही नव्हते. कारण मत भागधारकाला असते, आठवणींना नसते.

आजचा धडा

हा इतिहास उगाळण्याचे प्रयोजन गतकाळाचे दुःख करणे हे नव्हे. महाराष्ट्रात आजही शेकडो नागरी सहकारी बँका आहेत आणि त्यांची स्थिती अनेक अंगांनी २००५ च्या या बँकांसारखी आहे. ठेवीदारांचा विश्वास मोठा, भांडवल तोकडे, संचालक मंडळे वर्षानुवर्षे तीच. २०२० च्या कायदेदुरुस्तीने रिझर्व्ह बँकेला या बँकांवर अधिक अधिकार मिळाले आणि भांडवल उभारणीचे नवे मार्गही खुले झाले. ठेव विम्याची मर्यादा त्याच वर्षी एक लाखावरून पाच लाख झाली. दुसरीकडे सशक्त संस्था काय करू शकते, याचे उदाहरण १९१८ मध्ये स्थापन झालेल्या सारस्वत बँकेने घालून दिले आहे. फेब्रुवारी २०२५ मध्ये निर्बंध आलेली मुंबईची न्यू इंडिया को-ऑपरेटिव्ह बँक ऑगस्टमध्ये सारस्वत बँकेत विलीन झाली. आजारी बँकेला परप्रांतीय वा परदेशी धनीच शोधावा लागतो असे नाही. घरातील थोरली संस्था सशक्त असेल, तर ती धाकटीला पदराखाली घेऊ शकते.

त्यासाठी बँक सशक्त ठेवण्याचे काम चांगल्या दिवसांत करावे लागते. वार्षिक सभेची नोटीस आली की ती रद्दीत टाकायची, ताळेबंदातील थकीत कर्जांचा आकडा न वाचताच लाभांशाची टक्केवारी विचारायची, हक्कभागांचा देकार आला की दुर्लक्ष करायचे आणि शटर खाली आल्यावर ‘आमची बँक वाचवा’ म्हणून मोर्चा काढायचा, हा क्रम आपण अनेकदा पाहिला आहे. कृष्णाकाठच्या बँकांना प्रेम करणाऱ्यांची वाण नव्हती. वाण होती ती त्या प्रेमापोटी भांडवल घालणाऱ्यांची आणि सभेत उभे राहून अडचणीचे प्रश्न विचारणाऱ्यांची. ज्या बँकेला आपण आज ‘आपली’ म्हणतो, तिच्या भागधारकांच्या यादीत आपले नाव आहे काय आणि असल्यास गेल्या वार्षिक सभेला आपण कोठे होतो, या प्रश्नाचे उत्तर प्रत्येकाने एकदा स्वतःपाशीच द्यावे.